कृत्तिकांची शिरगणती

मार्गशीर्ष लागला, पावसाने धुतलेले आकाश स्थिरावले आणि हवेत गारवा आला, म्हणजे तारे पाहण्यास वर्षातील उत्तम काळ सुरू होतो. या महिन्यात आम्ही आमच्या वाचकांपुढे एक साधा प्रश्न ठेवू इच्छितो. आपल्या घराच्या गच्चीवरून कृत्तिका किती दिसतात? सहा म्हणून पोथीत वाचले आहे, असे उत्तर आम्हांस नको. सात बहिणी म्हणून मुलांच्या पुस्तकात आहे, हेही नको. स्वतःच्या डोळ्यांनी मोजून किती दिसतात, एवढेच विचारावयाचे आहे. पिंपरी, चिंचवड, भोसरी, निगडी, चाकण या भागांतील आमच्या पुष्कळ वाचकांना या प्रश्नाचे उत्तर देणे जड जाईल. संकष्टीच्या रात्री चंद्रोदयासाठी घरातील चार माणसे गच्चीवर जातात, चंद्र दिसताच नैवेद्य दाखवून खाली येतात, आणि आकाशाशी असलेला कुटुंबाचा संबंध तेथेच संपतो. हा संबंध थोडा वाढविण्यासारखा आहे, आणि तो तुटत चालला आहे याचे मोजमापही याच तारकापुंजाने करता येते, हे या लेखात सांगावयाचे आहे.

कृत्तिका आपल्या वाङ्मयात फार जुन्या. आज आपण नक्षत्रे अश्विनीपासून म्हणतो. परंतु वैदिक ग्रंथांतील नक्षत्रगणना कृत्तिकांपासून सुरू होते. तैत्तिरीय परंपरेत त्यांची सात नावे दिली आहेत: अंबा, दुला, नितत्नी, अभ्रयन्ती, मेघयन्ती, वर्षयन्ती आणि चुपुणीका. यांतील तीन नावे ढग आणि पाऊस यांवरून पडली आहेत, हे वाचकांच्या ध्यानी आलेच असेल. पुढे पुराणांनी सातांच्या सहा केल्या. या सप्तर्षींच्या पत्नी. त्यांतील सहाजणींनी कार्तिकेयास स्तन्य दिले, म्हणून तो षाण्मातुर झाला, आणि सातवी अरुंधती वसिष्ठापाशीच राहिली, अशी ती कथा. सहा की सात हा घोळ केवळ आपल्याकडचा नाही. ग्रीक लोकही सात भगिनी म्हणत आणि सहाच दिसतात म्हणून सातवी कोठे हरवली याच्या कथा रचीत. याचे कारण आकाशातच आहे. या पुंजातील सहा तारे साध्या डोळ्यांस सहज दिसतात. त्यापुढचे दोन त्यांच्याहून बरेच मंद असून, त्यांतील एक तर एका तेजस्वी ताऱ्यास अगदी लगटून आहे. ज्याची दृष्टी तीक्ष्ण आणि ज्याचे आकाश काळे, त्याला सातवा, आठवा आणि त्याहून अधिकही दिसतात. केप्लरचा गुरू मेस्टलिन याने दुर्बिणीचा शोध लागण्यापूर्वीच अकरा तारे पाहून त्यांचा नकाशा काढला होता.

कृत्तिकांचे नाव निघाले की महाराष्ट्रात शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचे स्मरण केल्यावाचून पुढे जाता येत नाही. कोकणातील मुरुड येथे १८५३ साली जन्मलेल्या, शिक्षकाचा पेशा पत्करून आयुष्यभर ग्रंथांत बुडालेल्या या गृहस्थांनी १८९६ साली भारतीय ज्योतिषशास्त्राचा प्राचीन व अर्वाचीन इतिहास मराठीत प्रसिद्ध केला. पुढे परप्रांतीय विद्वानांसही आधारासाठी ज्याकडे वळावे लागले, असा हा मराठी ग्रंथ. शतपथ ब्राह्मणात कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, इतर नक्षत्रे ढळतात, अशा अर्थाचे एक विधान आहे. शेकडो पंडितांनी ते वाचले असेल. दीक्षितांनी त्यावर गणित केले. जो तारा बरोबर पूर्वेस उगवतो तो आकाशातील विषुववृत्तावर असला पाहिजे. आज कृत्तिका तेथे नाहीत. आपल्या भागातून त्या पूर्वबिंदूच्या सुमारे २५ अंश उत्तरेस उगवतात. पृथ्वीचा आस भोवऱ्याप्रमाणे हळूहळू डुलतो आणि सुमारे २६,००० वर्षांत एक फेरा पुरा करतो. त्यामुळे ताऱ्यांची उगवण्याची जागा शतकानुशतके सरकत जाते. हा हिशेब मागे नेऊन, ते निरीक्षण इसवी सनापूर्वी सुमारे ३००० वर्षांचे असावे, असा निष्कर्ष दीक्षितांनी काढला. त्या काळनिर्णयाविषयी पुढील विद्वानांत मतभेद झाले व ते आजही आहेत. परंतु कोणा पूर्वजाने पहाटे उठून क्षितिजावर नजर लावली होती, आणि त्याने जे पाहिले ते हजारो वर्षांनी एका मराठी शिक्षकाला पुराव्यासारखे वापरता आले, ही गोष्ट आम्हांस त्या वादाहून मोठी वाटते. पंचेचाळीस वर्षे पुरी होण्यापूर्वीच, १८९८ साली, दीक्षित निवर्तले.

आता डोळ्यांकडून दुर्बिणीकडे येऊ. १६१० साली गॅलिलिओने आपली लहानशी दुर्बीण कृत्तिकांकडे वळविली आणि जेथे लोक सहा-सात तारे मोजीत होते तेथे छत्तीस तारे काढून दाखविले. परंतु हे तारे खरोखर एकमेकांजवळ आहेत, की गच्चीवरून पाहताना दूरचा दिवा जवळच्या दिव्याशेजारी दिसावा तसे केवळ एका रेषेत आले आहेत, हे दुर्बिणीने कळत नव्हते. याचे उत्तर जॉन मिचेल या इंग्रज धर्मोपदेशकाने १७६७ साली केवळ गणिताने दिले. आकाशभर तारे यदृच्छेने विखुरले असते, तर कृत्तिकांतील सहा ठळक तारे इतके जवळ जमण्याचा संभव पाच लाखांत एक एवढाच निघतो, असे त्याने दाखविले. अर्थात हा योगायोग नसून काही नाते आहे. आज ते नाते निःसंशय सिद्ध झाले आहे. कृत्तिका हे हजाराहून अधिक ताऱ्यांचे कुटुंब असून ते एकाच वायुमेघातून, सुमारे दहा-बारा कोटी वर्षांपूर्वी जन्मले आणि एकाच दिशेने, एकाच वेगाने प्रवास करीत आहे. अशा समुदायास खुला तारकागुच्छ म्हणतात. याचे अंतर सुमारे ४४० प्रकाशवर्षे. म्हणजे आज रात्री आपल्या डोळ्यांत शिरणारा त्यांचा किरण निघाला तेव्हा दख्खनच्या सुलतानांचे राज्य येथे होते व शिवछत्रपतींचा जन्म व्हावयाचा होता.

या अंतरावरूनही मोठा वाद झाला, तो सांगण्यासारखा आहे. हिप्पार्कस नावाच्या युरोपीय उपग्रहाने केलेल्या मोजणीचे निकाल १९९७ साली बाहेर पडले, त्यांत कृत्तिका ४०० प्रकाशवर्षांहूनही जवळ निघाल्या. इतर सर्व रीतींनी येणारे अंतर त्याहून अधिक होते. पंधरा-वीस वर्षे दोन्ही पक्ष आपापल्या आकड्यांवर अडून बसले. अखेर २०१३ साली सोडलेल्या गाया या उपग्रहाने अधिक सूक्ष्म मोजणी केली आणि जुने, मोठे अंतरच खरे ठरले. नवे यंत्र नेहमीच खरे बोलते असे नाही; पण भांडण मिटविण्यास पुन्हा मोजण्यावाचून दुसरा उपाय नाही, हा बोध त्यातून घ्यावा.

कृत्तिकांच्या शेजारी रोहिणी. तांबूस, ठळक तारा, आणि त्याभोवती इंग्रजी व्ही अक्षराच्या आकाराचा पुंजका. यालाच आपले ज्योतिषी रोहिणीशकट, म्हणजे रोहिणीचा गाडा, म्हणत आले. शनीने हा गाडा भेदला तर दुष्काळ पडतो, असा समज वराहमिहिराच्या काळापासून चालत आला आहे. आधुनिक शास्त्राने या गाड्याविषयी वेगळीच मौज सांगितली आहे. गाड्याचे बहुतेक तारे सुमारे १५० प्रकाशवर्षांवर असून ते खरेच एका घरचे. परंतु ज्या रोहिणीच्या नावाने तो गाडा ओळखला जातो, ती मात्र अवघ्या ६५ प्रकाशवर्षांवर आहे. ती त्या घरची नव्हेच. दारासमोरून जाणारी पाहुणी, आणि घरावर पाटी तिच्या नावाची! उलट कर्क राशीतील पुष्य नक्षत्रापाशी जो अंधूक ढगासारखा पुंजका दिसतो, तो रोहिणीशकटापासून आकाशात पुष्कळ दूर व सुमारे ६०० प्रकाशवर्षांवर असूनही त्याचे वय आणि चाल यांच्याशी मिळतीजुळती आहेत. दोन्ही समुदाय मुळात एकाच मेघाची संतती असावेत, असे अनेक ज्योतिर्विदांस वाटते. नाते शेजारावरून ठरत नाही. ते चालीवरून ओळखावे लागते.

एकत्र कुटुंबात राहणाऱ्या आमच्या वाचकांस पुढील हकीगत विशेष जवळची वाटेल. हे गुच्छ कायमचे टिकत नाहीत. आकाशगंगेच्या ओढीने आणि आपसांतील ओढाताणीने एकेक तारा सुटतो, आणि काही कोटी किंवा काही अब्ज वर्षांत घर रिकामे होते. सप्तर्षींचे उदाहरण घ्या. विवाहप्रसंगी वधूवरांस वसिष्ठ आणि अरुंधती दाखविण्याची आपली चाल. रिचर्ड प्रॉक्टर या इंग्रज ज्योतिर्विदाने १८६९ साली दाखवून दिले की, सप्तर्षींपैकी पाच तारे एकाच दिशेने चालले आहेत. पुलह, पुलस्त्य, अत्री, अंगिरा आणि वसिष्ठ हे ते पाच, आणि अरुंधतीही त्यांच्याबरोबर आहे. ज्याचे घर मोडले पण चाल मोडली नाही, अशा एका जुन्या गुच्छाचे हे अवशेष होत. क्रतू आणि मरीची हे दोन टोकांचे तारे मात्र परके. आपला सूर्यही साडेचार अब्ज वर्षांपूर्वी बहुधा अशाच एखाद्या समुदायात जन्मला. त्याची भावंडे आकाशगंगेत कोठे पांगली, याचा तपास अजून चालू आहे.

जेथे असे समुदाय जन्मतात ती जागाही आपल्या डोळ्यांसमोर आहे. मृगाच्या पोटात शिरलेला तीन ताऱ्यांचा बाण सर्वांस ठाऊक असतो. त्याच्या किंचित दक्षिणेस एक धुरकट ठिपका दिसतो, तो सुमारे १,३५० प्रकाशवर्षांवरील तेजोमेघ. त्याच्या गाभ्यात नुकते जन्मलेले तारे आहेत, ज्यांचे वय लाखांत किंवा फार तर दहा-वीस लाख वर्षांत मोजावे लागते. या तेजोमेघाचा अभ्यास पुण्यात सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वी झाला, हे आजच्या पुणेकरांसही फारसे माहीत नसते. पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समधील प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी भावनगरच्या महाराजांच्या देणगीच्या आधाराने वेधशाळा उभारली व तिला महाराजा तख्तसिंहजींचे नाव दिले. तीत वीस इंची आरशाची दुर्बीण होती. त्या काळी हिंदुस्थानात तिच्याहून मोठी दुर्बीण नव्हती. या तेजोमेघाच्या प्रकाशात एक हिरवी रेषा दिसे. ती मॅग्नेशियमची, असे लॉकियर या विख्यात इंग्रज ज्योतिर्विदाचे मत होते. नायगमवालांनी पुण्यातून ती रेषा बारकाईने पाहिली आणि तिच्यात मॅग्नेशियमची लक्षणे नाहीत, असे स्वच्छ लिहिले. पुढे १९२७ साली ती रेषा प्राणवायूची असल्याचे बोवेनने सिद्ध केले. लॉकियरसारख्या मोठ्या नावापुढे न दबता पुण्याच्या प्राध्यापकाने आपल्या डोळ्यांवर विश्वास ठेवला, तो योग्य ठरला. १९१२ साली नायगमवाला निवृत्त झाले, वेधशाळा बंद पडली आणि ती दुर्बीण कोडईकनालला गेली.

खुल्या गुच्छांखेरीज दुसरा एक प्रकार आहे, त्याला गोलाकार तारकागुच्छ म्हणतात. हे म्हणजे आकाशगंगेतील वडीलधारी मंडळी. लाखो तारे एका गोळ्यात दाटलेले, वय दहा-बारा अब्ज वर्षे, आणि इतकी घट्ट पकड की अजूनही घर मोडलेले नाही. नरतुरंगातील ओमेगा नावाचा गुच्छ यांत सर्वांत मोठा. एक कोटीच्या घरात तारे आणि सुमारे १७,००० प्रकाशवर्षे अंतर. टॉलेमीने त्याला तारा म्हणून नोंदले होते. १६७७ साली सेंट हेलेना बेटावरून एडमंड हॅलेने तो निराळा पदार्थ असल्याचे टिपले. युरोपातील बहुतेक लोकांस तो दिसत नाही, आपणांस दिसतो. वैशाखात रात्री दहा-साडेदहाच्या सुमारास दक्षिणेस, क्षितिजापासून सुमारे २४ अंशांवर तो येतो. १९१८ च्या सुमारास हार्लो शॅप्ले या अमेरिकन ज्योतिर्विदाने अशा गुच्छांची मांडणी अभ्यासली. ते आपल्याभोवती सारखे पसरलेले नसून धनु राशीच्या बाजूस गर्दी करून आहेत, असे त्यास आढळले. त्यावरून आकाशगंगेचे केंद्र तिकडे आहे आणि आपला सूर्य कडेच्या वाड्यात राहतो, असे त्याने सिद्ध केले. कोपर्निकसने पृथ्वीस मध्यावरून उठविले, शॅप्लेने सूर्यास उठविले. त्याने काढलेली अंतरे मात्र फार मोठी होती. ताऱ्यांमधील धूळ प्रकाश खाऊन टाकते, हे ट्रम्प्लरने १९३० साली खुल्या गुच्छांच्याच अभ्यासाने दाखविले, तेव्हा हिशेब सुधारला. आज ते केंद्र सुमारे २६,००० प्रकाशवर्षांवर मानतात.

येथवर वाचून, हे सारे परदेशांत आणि फार पूर्वी झाले, असे कोणी म्हणेल. म्हणून आता आम्ही वाचकांस आपल्या ओळखीच्या रस्त्याने नेतो. भोसरीहून मोशी, चाकण, राजगुरुनगर, मंचर असे करीत पुणे-नाशिक रस्ता नारायणगावास पोहोचतो. तेथून जवळच खोडद येथे प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या तीस तबकड्या सुमारे २५ किलोमीटरच्या टापूत उभ्या आहेत. ही गोविंद स्वरूप यांच्या कल्पनेतून साकारलेली महाकाय रेडिओ दुर्बीण; ती प्रकाश पाहत नाही, आकाशातून येणाऱ्या रेडिओ लहरी ऐकते. कपोत नावाच्या दक्षिणेकडील नक्षत्रसमूहात सुमारे ३९,००० प्रकाशवर्षांवर एक गोलाकार गुच्छ आहे. जेम्स डनलॉपने तो १८२६ साली पाहिला, आणि यादीतील १८५१ या क्रमांकाने तो ओळखला जातो. या गुच्छात २००४ साली यशवंत गुप्ता, ईश्वरचंद्र, पाउलो फ्रेरे आणि स्कॉट रॅन्सम यांनी खोडदच्या दुर्बिणीने एक स्पंदक शोधून काढला. स्पंदक म्हणजे मृत ताऱ्याचा अतिदाट गाभा. हा सेकंदास सुमारे दोनशे गिरक्या घेतो, आणि साडेअठरा दिवसांहून थोड्या अधिक काळात आपल्या जोडीदाराभोवती अतिशय लांबट कक्षेत फिरतो. त्याच गुच्छात पुढे दक्षिण आफ्रिकेतील दुर्बिणीने आणखी स्पंदक शोधले. त्यांतील एकाचा जोडीदार अतिजड न्यूट्रॉन तारा की अतिहलके कृष्णविवर, हे ठरत नाही, असे २०२४ साली प्रसिद्ध झाले. ज्या रस्त्याने चाकणचा कांदा आणि चाकणच्या गाड्या जातात, त्याच रस्त्यावरील गावाने जगास या गुच्छाची पहिली आतली बातमी दिली. त्याच रस्त्यावरून डावीकडे फुटून घोडेगावच्या बाजूस गेले, तर गिरवलीच्या डोंगरावर आयुका संस्थेची २ मीटर आरशाची दुर्बीण आहे. ती २००६ सालापासून तेथे आहे, आणि ती प्रकाशच पाहते.

आता या रस्त्याच्या खालच्या टोकाकडे पाहा. १९५४ साली पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला. १९६२ साली औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि त्यानंतर भोसरी, आकुर्डी, चिंचवड येथे कारखान्यांच्या रांगा लागल्या. १९८२ साली महानगरपालिका झाली. पुढे चाकण परिसरात मोटारींचे मोठमोठे कारखाने आले. आमच्या वाचकांपैकी कितीएकांच्या घरची चूल या कारखान्यांवर पेटते. रात्रपाळीच्या कामगारास उजेड हवा, घरी परतणाऱ्या मुलीस रस्त्यावर दिवा हवा; त्याविरुद्ध एक अक्षरही लिहिण्याची आमची इच्छा नाही. आमचे म्हणणे वाया जाणाऱ्या उजेडापुरते आहे. जो दिवा जमिनीवर पडतो तो कामाचा. जो वर जातो त्याने कोणाचे पाऊल उजळत नाही, कोणाचे यंत्र चालत नाही. तो धुळीवर आणि बाष्पावर आपटून आकाशास पांढुरका रंग देतो, आणि त्याचे वीजबिल मात्र भरावे लागते. रेडिओ दुर्बिणीसाठी खोडदभोवती ३० किलोमीटरच्या टापूत उद्योगांवर बंधने आहेत. चाकण त्या वर्तुळाबाहेर राहते. परंतु उजेडास असे वर्तुळ ठाऊक नसते. तो डोंगर ओलांडून जातो.

ही तक्रार आमच्या कल्पनेतील नव्हे. २०११ ते २०२२ या काळात जगभरच्या सामान्य नागरिकांनी साध्या डोळ्यांनी केलेली ५१ हजारांवर निरीक्षणे एकत्र करून एक अभ्यास २०२३ साली प्रसिद्ध झाला. त्यांतील बहुतेक निरीक्षणे युरोप आणि अमेरिकेतील होती. त्यांवरून रात्रीच्या आकाशाचा उजेड वर्षाला सरासरी सुमारे साडेनऊ टक्क्यांनी वाढत असल्याचे दिसले. या वेगाने ज्या जागी मूल जन्मले तेव्हा अडीचशे तारे दिसत होते, तेथे ते अठरा वर्षांचे होईतो शंभरच उरतात. हे काम दुर्बिणींनी केले नाही, घरोघरच्या डोळ्यांनी केले, हे लक्षात घेण्यासारखे आहे. म्हणूनच आम्ही आरंभीचा प्रश्न विचारला.

तेव्हा या महिन्यात पुढीलप्रमाणे करावे. अमावस्येच्या मागचे-पुढचे चार दिवस निवडावेत. जेवणे उरकल्यावर घरातील थोरांनी व मुलांनी मिळून गच्चीवर जावे, आपल्या गच्चीचा दिवा मालवावा, भ्रमणध्वनी खालीच ठेवावा आणि पंधरा-वीस मिनिटे डोळ्यांस अंधाराची सवय होऊ द्यावी. पूर्वेकडे मृगाचा बाण शोधावा. ती तीन ताऱ्यांची रेघ वरच्या बाजूस वाढविली की तांबडी रोहिणी येते, आणि त्याच वाटेने थोडे पुढे गेले की कृत्तिका. जानेवारीच्या मध्यास रात्री साडेआठ-नऊच्या सुमारास त्या जवळजवळ डोक्यावर येतात, तेव्हा धुळीचा अडथळा सर्वांत कमी. प्रत्येकाने मनाशी मोजावे, दुसऱ्याचा आकडा ऐकण्यापूर्वी कागदावर लिहावे, आणि मग सर्वांचे आकडे तारीख-वेळेसह पंचांगाच्या समासात उतरवून ठेवावेत. चष्मेवाल्यांनी चष्मा लावूनच मोजावे. आजोबांना दोन दिसल्या आणि नातीला सात, तर त्यात कोणाचा कमीपणा नाही. दोन्ही आकडे खरे. पुष्कळ डोळ्यांचे घर या कामी एकट्या निरीक्षकापेक्षा अधिक उपयोगाचे.

आकड्याचा अर्थ असा. ज्योतिषी ताऱ्यांच्या तेजास प्रत लावतात. पहिल्या प्रतीचा तारा तेजस्वी, सहाव्या प्रतीचा डोळ्यांस दिसणाऱ्यांत शेवटचा. कृत्तिकांतील सर्वांत ठळक तारा तिसऱ्या प्रतीचा, सहावा चौथ्या प्रतीच्या थोडा पलीकडचा, आणि सातवा व आठवा पाचव्या प्रतीच्या आसपासचे व त्याहून मंद. म्हणून एकच ठिपका किंवा नुसता डाग दिसला, तर आकाश शहराच्या उजेडाने भरले आहे असे समजावे. चार दिसल्या तर मध्यम. सहा स्वच्छ दिसल्या तर आपण भाग्यवान. आठ किंवा अधिक दिसल्या, तर ते घर बहुधा चाकणच्या पुष्कळ पलीकडे आहे.

मोजून झाल्यावर काय करावे, हेही सांगतो. आपल्या इमारतीचे आणि कंपाउंडचे दिवे वर उघडे असतील, तर त्यांस वरून झाकण बसवून प्रकाश खाली वळवावा. पांढऱ्या-निळसर दिव्यांऐवजी पिवळसर दिवे घ्यावेत. निळा उजेड हवेत अधिक विखुरतो. जाहिरातीचे आणि शोभेचे दिवे रात्री ठरावीक वेळेनंतर बंद व्हावेत, असा ठराव सोसायटीच्या सभेत मांडावा. कारखान्यांत अधिकारी असणाऱ्या वाचकांनी आपल्या आवारातील उंच खांबांवरील दिव्यांची तोंडे तपासून घ्यावीत. त्यात बचतही आहे, तेव्हा वरिष्ठांपुढे मांडणे अवघड नाही. ज्यांस अधिक शिकावयाचे आहे त्यांच्यासाठी पुण्यात १९४४ सालापासून ज्योतिर्विद्या परिसंस्था आहे, आणि मुलांस नेण्यास चिंचवडचे सायन्स पार्क जवळ आहे.

दीक्षितांना आपला पुरावा एका निनावी पूर्वजाच्या निरीक्षणात सापडला. आपल्या पंचांगाच्या समासातील आकडाही पुढे कोणाच्या उपयोगी पडेल, हे आज सांगता येत नाही. तथापि तो लिहून ठेवण्यास एक पेन्सिल आणि अर्धा तास पुरतो. पुढील वर्षी याच अमावस्येस पुन्हा मोजावे. आकडा घटला असेल, तर शेजाऱ्याच्या दिव्याकडे बोट दाखविण्यापूर्वी आपल्याच गच्चीवरचा दिवा तपासून पाहावा.